पोरांच्या ओव्हर कोण मोजणार?

प्रति,
बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी भागातले क्रिकेट स्पर्धांचे आयोजक, क्लबचे चालक, शाळांचे क्रीडाशिक्षक आणि बक्षिसं पुरस्कृत करणारी सगळी मंडळी यांस,

स. न. वि. वि.

पाऊस ओसरत आलाय. थोड्या दिवसांत मैदानं वाळतील, रोलर फिरेल आणि चौकाचौकात तुमचे फ्लेक्स लागतील. कुठे आमदार चषक, कुठे गावाच्या नावाची प्रीमियर लीग, कुठे कुणाच्या वाढदिवसाची स्पर्धा. खेळाडूंच्या लिलावाच्या याद्या तर तयारही झाल्या असतील. एकदा ही धामधूम सुरू झाली की कुणाचं कुणाला ऐकू येत नाही, म्हणून आत्ताच लिहितोय.

मी स्कोअरर आहे. टिळकवाडीपासून खानापूरच्या पुढच्या गावांपर्यंत टेबल टाकून बसणारा, तुम्ही ज्याला चहा द्यायला विसरता तो. तुमच्यातले बरेच जण मला ओळखतात. ओळखत नसाल तरी तुमच्या मॅचचा कागद माझ्याकडे असण्याची शक्यता आहे.

पत्राचं कारण एक गोलंदाज. त्याचं नाव लिहीत नाही. ज्यांनी त्याला टाकताना पाहिलंय ते ओळखतीलच. खानापूर रोडकडच्या एका गावातला पोरगा, वडील उद्यमबागेत फाउंड्रीत मोल्डिंगला, घरची थोडी भातशेती. उंच, हात कानाजवळून सरळ वर येणारा. मनगट शेवटपर्यंत बॉलच्या मागे ठेवायचा, त्यामुळे टप्पा पडल्यावर बॉल आत यायचा आणि बॅट्समन पॅड पुढे करून उभा राहायचा. त्याच्या क्लबचा कीपर इतरांना जिथे उभा राहायचा, त्याच्या ओव्हरला तिथून दोन पावलं मागे जायचा. वेग मोजायचं यंत्र आमच्याकडे कुठलं? आम्ही कीपरचीच पावलं मोजतो.

लेदर बॉलवर तो दोन सीझन खेळला. पंधराव्या वर्षी सुरुवात, सतराव्यात संपलं. आमच्या भागातल्या चांगल्या फास्ट बॉलरची कारकीर्द एवढीच असते असं म्हणायची आता सवय झालीय. त्या सवयीबद्दलच मला बोलायचंय.

आधी एक गोष्ट बाजूला काढतो, नाहीतर तुम्ही तिच्याकडेच वळाल. सीमाभागातला पोरगा मागे पडला की आपण लगेच बेंगळूरकडे बोट दाखवतो. त्यात तथ्य नाही असं नाही. 1 नोव्हेंबर 1956 ला आपण मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेलो, आणि बाकी सगळ्याबरोबर क्रिकेटची वाटही वळली. कोल्हापूर शंभर-सव्वाशे किलोमीटरवर, खरं ते दुसऱ्या संघटनेत. आपली पोरं कर्नाटकच्या क्रिकेट संघटनेच्या धारवाड झोनमध्ये, आणि राज्याच्या संघापर्यंत जायचं तर गाठायचं ते पाचशे किलोमीटरवरचं बेंगळूर. केपीएलमध्ये, म्हणजे जुन्या कर्नाटक प्रीमियर लीगमध्ये, निदान बेळगावच्या नावाची एक टीम होती. 2022 ला महाराजा ट्रॉफी ही राज्याची नवी टी-ट्वेंटी लीग सुरू झाली, त्या सहा टीममध्ये हुबळी आहे, बेळगाव नाही. यावर मी दुसरं पत्र लिहीन, आणि ते याच्याहून तिखट असेल.

खरं या पोराला बेंगळूरने अडवलं नाही, भाषेनेही नाही. झोनच्या निवडीला त्याला बोलावणं आलं होतं. तो गेला. नेटमध्ये चार-पाच बॉल टाकले, पुढच्या बॉलला रन-अपच्या अर्ध्यात थांबला आणि खाली बसला. तिथल्या माणसांनी त्याला पाणी दिलं, थोड्या वेळाने टाक म्हणाले, दोनदा विचारलं. तो उठू शकला नाही. त्याची पाठ तिथे मोडली नव्हती. ती आधीच मोडली होती, इथे, आपल्या मैदानांवर, आपण टाळ्या वाजवत असताना.

दूरच्या गावातून वर जाता येत नाही असंही नाही. गदगचा सुनील जोशी पहाटेच्या गाडीने हुबळीला सरावाला जायचा आणि परत येऊन शाळा गाठायचा. पुढे भारताकडून 15 कसोटी आणि 69 एकदिवसीय सामने खेळला. 1999 ला नैरोबीत दक्षिण आफ्रिकेविरुद्ध 10 षटकं, 6 निर्धाव, 6 धावा, 5 बळी. हा आकडा स्कोअरर लोक देवाच्या नावासारखा घेतात. आणि घरचंच उदाहरण हवं तर 2018 चा नोव्हेंबर आठवा. आपल्या ऑटोनगरच्या मैदानावर मुंबईविरुद्ध रणजी सामना, आणि पहिल्या डावात पाच बळी घेणारा बेळगावचाच रोनित मोरे. तो दिवस बघून किती पोरांनी बॅट ठेवून बॉल हातात घेतला, ते तुम्हीही पाहिलंय. माझा हा पोरगा त्यातलाच एक.

आता हिशेब. माझा धंदाच तो.

त्याच्या शेवटच्या सीझनमधला डिसेंबरचा एक आठवडा घ्या. मंगळवारी, बुधवारी, शुक्रवारी संध्याकाळी नेट. नेटमध्ये सीनियर बॅट्समनना सराव हवा असतो, आणि फास्ट टाकणारं पोर मिळालं की कोण सोडतो? ‘आणखी दोन टाक रे’ असं म्हणत काळोख पडेपर्यंत. शनिवारी शाळेची मॅच. रविवारी सकाळी क्लबकडून मॅटवर दहा ओव्हर. दुपारी कुणाच्या तरी गाडीवर मागे बसून गावच्या टेनिस-बॉल स्पर्धेला. दोन मॅच, दोन-दोन ओव्हर. रात्री शहरात लाइटखाली दुसऱ्या टीमकडून, ज्या टीमने त्याला पैसे देऊन मागवलेला; तिथे उपांत्यपूर्व, उपांत्य आणि फायनल, आणखी सहा. एका रविवारच्या वीस ओव्हर झाल्या. आठवड्यात पाच दिवस बॉलिंग, त्यातले तीन दिवस लागोपाठ.

इंग्लंडच्या क्रिकेट बोर्डाने तरुण फास्ट बॉलरसाठी नियम आणि शिफारशी घालून दिल्यात. सोळा-सतरा वर्षांच्या मुलाने दिवसाला जास्तीत जास्त 18 ओव्हर टाकायच्या. आठवड्यात चार दिवसांपेक्षा जास्त बॉलिंग नाही, दोन दिवसांपेक्षा जास्त लागोपाठ नाही. तिकडे पोरांना दूध-अंडी कमी पडतात म्हणून हे नियम केलेले नाहीत.

यातली मेख अशी की आपल्याकडे कुणी खोटं बोलत नाही. क्लबचे सर म्हणतात, मी दहाच दिल्या. गावचे आयोजक म्हणतात, चारच टाकल्या, त्याही टेनिस बॉलने. रात्रीची टीम म्हणते, सहा ओव्हरने काय होतं? क्रीडाशिक्षक म्हणतात, शाळेकडून तर महिन्यात दोनच मॅच. सगळे खरंच सांगतात. बेरीज मात्र एकाच कंबरेत होते.

टेनिस बॉल हलका, त्याने काही होत नाही, हे तर मी इतक्यांदा ऐकलंय. लेदर बॉल 156 ते 163 ग्रॅमचा, साधा टेनिस बॉल 58 ग्रॅमच्या आसपास. बरोबर, हलका आहे. खरं हलका बॉल जोरात जायला पोरं काय करतात ते टेबलावरून बघा. खांदा ओढून, बाजूला वाकून झटका देतात. आणि पुढचा पाय जमिनीवर आपटतो तो बॉलच्या वजनाप्रमाणे नाही, पोराच्या वजनाच्या कितीतरी पट जोराने. खाली सिमेंट, वर मॅट, पायात रबरी तळव्याचे बूट. हाफपीचबद्दल, म्हणजे अर्ध्या लांबीच्या पिचवरच्या खेळाबद्दल, माझी काही तक्रार नाही. मी बोलतोय ते फुलपीचबद्दल.

त्यात आपलं हवामान. जून ते सप्टेंबर पाऊस मैदानात पाऊल ठेवू देत नाही. पोरगं चार महिने एक बॉल टाकत नाही आणि दिवाळी झाली की एकदम दिवसाआड. हाडाला सगळ्यात वाईट हेच. हळूहळू वाढवलेलं ओझं शरीर सोसतं, अचानक टाकलेलं सोसत नाही. डिसेंबरच्या थंडीत सकाळी साडेसातला अंग न तापवता पहिली ओव्हर टाकणारी पोरं मी रोज बघतो. कॅप्टनला घाई असते, टॉस उशिरा झालेला असतो.

त्या रात्रीच्या फायनलचं सांगतो. माइकवर आपला नेहमीचा समालोचक, युट्यूबवर लाइव्ह चालू, बाजूला फटाक्यांच्या माळा उलगडून ठेवलेल्या. त्याने पहिल्याच ओव्हरला विकेट काढली. लगेच माइकवरून, “अमुक अमुक यांच्याकडून पुढच्या विकेटला पाचशे रुपये!” मग दुसरे कुणी तरी सातशे म्हणाले. तो मार्कवर जाताना उजवा हात कंबरेवर ठेवत होता, बोटं मागे, अंगठा पुढे. अंपायरने विचारलं, काय झालं रे? म्हणाला, “काही नाही सर, कंबर जरा धरूलालीय.” टाकला. विकेट मिळाली. हजार लोकांनी शिट्ट्या मारल्या आणि त्याने पैसे घेतले ते जरा वाकडं उभं राहून. क्लिप अजून फिरते. बघणाऱ्यांना यॉर्कर दिसतो.

माझ्या पानावर दुसरंच काही दिसत होतं. स्कोअरबुकात बॉलरच्या प्रत्येक ओव्हरची एक चौकट असते. निर्धाव गेली की सहा टिंबं जोडून एम काढायचा, त्याच ओव्हरला विकेट पडली तर डब्ल्यू. नो-बॉलला गोल. त्याच्या पहिल्या सीझनच्या पानांवर गोल शोधावा लागतो. पाय रेषेच्या मागे, नियमाने. दुसऱ्या सीझनच्या जानेवारीपासून गोल वाढत गेले, आणि तेही त्याच्या शेवटच्या दोन ओव्हरमध्ये. पाठ दुखायला लागली की बॉलर रन-अप लहान करतो, ताल सुटतो, पाय पुढे पडतो. डॉक्टरच्या आधी कागदाला कळलेलं होतं. लोक म्हणाले, पोरगं डोक्यात हवा गेल्यावर बेशिस्त झालं.

डॉक्टरचंही ऐका. आधी घरी शेक, मग बाम, मग गावातला उसण काढणारा. मग एका दवाखान्यात एक्स-रे. रिपोर्ट चांगला. दुखायचं थांबवायला इंजेक्शन, आणि इंजेक्शनवर आणखी दोन स्पर्धा. तरण्या फास्ट बॉलरच्या कंबरेत, खालच्या मणक्यांच्या मागच्या बाजूला हाडाचा जो चिंचोळा भाग असतो, तिथे बारीक चीर जाते. उजव्या हाताने टाकणाऱ्याला बहुधा डाव्या बाजूला, कारण बॉल सोडताना सगळा पिळा तिकडे पडतो. तार एकाच जागी पुन्हा पुन्हा वाकवली की तुटते, तसं. विशी ओलांडेपर्यंत हा भाग पुरता टणक झालेला नसतो. साध्या एक्स-रेत सुरुवातीची चीर बहुतेक वेळा दिसत नाही. एमआरआय लागतो. वेळेत कळलं तर उपाय म्हणजे काही महिने बॉलिंग बंद आणि मग मोजूनमापून परत. एवढंच. ऑपरेशनची वेळ सहसा येत नाही. त्याचा एमआरआय झाला तो झोनहून परत आल्यावर, वडिलांनी पगारावर उचल घेऊन.

हे दुखणं काही आपल्यालाच झालेलं नाही. पॅट कमिन्सने 2011 ला अठराव्या वर्षी जोहान्सबर्गला पहिली कसोटी खेळून सात बळी घेतले आणि पुढची कसोटी थेट 2017 ला रांचीत खेळली. मधली पाच वर्षं दुखापतीत गेली, त्यात पाठ होतीच. आपल्या बुमराहचा 2022 चा टी-ट्वेंटी विश्वचषक पाठीने खाल्ला, 2023 च्या मार्चमध्ये ऑपरेशन झालं, ऑगस्टमध्ये तो आयर्लंडमध्ये परत टाकायला लागला. त्यांच्यामागे बोर्ड होतं, डॉक्टर होते, थांबून राहायला पगार होता. आपल्या पोरामागे फाउंड्री होती. सहा महिने घरी बसणारा पोरगा घराला कसा परवडणार? तो हायड्रॉलिकचे पार्ट करणाऱ्या एका कारखान्यात लागला, सीएनसी मशीनवर. आठ तास उभं राहून काम, कंबरेला पट्टा.

तुम्ही म्हणाल, हा माणूस आमच्या स्पर्धा बंद पाडायला निघालाय. नाही बाबांनो. त्याने पहिले स्पाइक घेतले ते तुमच्याच बक्षिसाच्या पैशांतून. लेदर बॉलचं क्रिकेट त्याच्याकडून पैसे घेत होतं, क्लबची फी, पांढरे कपडे, हुबळीचं तिकीट. आणि टेनिस बॉलचं क्रिकेट त्याला पैसे देत होतं. सोळा वर्षांच्या पोराने कुठे जावं अशी अपेक्षा करायची? लेदरवाले सर लोक टेनिसला नाक मुरडतात ते मला पटत नाही. गावात लाइट लावून हजार माणसं क्रिकेटला जमवणं हे काम तुम्ही केलंय, त्यांनी नाही. सोसायचं मात्र त्या पोराने एकट्याने, हे बरोबर नाही. आणि क्लबवाल्यांनीही कानावर हात ठेवू नयेत. नेटमध्ये काळोखापर्यंत टाकून घेतलेल्या ओव्हर कुठल्याच कागदावर नाहीत, माझ्याही नाहीत. सगळ्यात जास्त त्याच असतील.

माझी मागणी चाळीस पानी वहीची आहे. एकोणीस वर्षांखालच्या प्रत्येक फास्ट बॉलरकडे एक. तारीख, कुठे टाकल्या, नेट की मॅच, किती ओव्हर, आणि ज्याने टाकून घेतल्या त्याची सही. क्लबचे सर सही करतील, शाळेचे करतील, तुमच्या टेबलावर मी करीन. टॉसच्या वेळी कॅप्टनने वही दाखवायची. त्या दिवसाच्या अठरा भरल्या असतील तर पोरगं बॅटिंग करेल, फिल्डिंग करेल, बॉलला हात लावणार नाही. लागोपाठ दोन दिवस टाकले असतील तर तिसऱ्या दिवशी सुट्टी. फिरकीवाल्यांना यातून सध्या सोडूया, नाहीतर कुणी सगळंच नको म्हणेल.

फायनल रात्री दीड वाजता खेळवू नका. त्याच दिवशी तीन मॅच खेळलेल्या टीमला दुसऱ्या दिवशी संध्याकाळी खेळवलं तर गर्दी कमी होत नाही, उलट वाढते. पाहुणे पण वेळेवर येतात. सिमेंटच्या पिचवर बॉलरचा पुढचा पाय पडतो तेवढी जागा फोडून माती भरा, एका दिवसाचं गवंडीकाम आहे. विकेटला पाचशे द्यायचे तर जरूर द्या, फक्त माइकवर जाहीर करण्याआधी वहीकडे एकदा बघा. आणि कमानी, फटाके, शाली यांतलं थोडं काढून ठेवलंत तर सीझनला एक-दोन पोरांचे एमआरआय निघतील. पुरस्कर्त्यांची नावं मी स्कोअरबुकाच्या पहिल्या पानावर लाल शाईने लिहीन, हवं तर युट्यूबवरही सांगायला लावीन.

लिलावाबद्दल एक. सोळा वर्षांच्या पोराला पॉइंट लावून विकत घेता, तेव्हा घेणाऱ्या टीमला वाटतं की आता त्याच्याकडून वसूल करायचं. वसुलीच्या नादात चौथ्या ओव्हरला पण तोच, नवव्यालाही तोच. एकोणीसच्या आतल्या बॉलरला लिलावात ठेवू नका. टीममध्ये घ्या, पैसे द्या, बोली नको. यावर काही आयोजक रागावणार हे मला माहीत आहे, त्यातले दोघे माझे नात्यातले आहेत.

वह्या मी छापून घेतोय. रकाने आखलेल्या, मागे पालकांच्या सहीला जागा. यादी वाढली तर छपाईचा खर्च वाटून घेऊ. पहिला लॉट दिवाळीच्या आत तयार असेल. ज्या क्लबला, शाळेला, मंडळाला हव्यात त्यांनी मैदानावर माझ्या टेबलाशी येऊन घेऊन जाव्यात.

आणि टॉसच्या आधीच सांगून ठेवतो. या सीझनला ज्या टेबलावर मी बसेन, तिथे वही नसलेल्या एकोणीसच्या आतल्या फास्ट बॉलरचं नाव मी बॉलिंगच्या रकान्यात लिहिणार नाही. त्याने टाकलेल्या ओव्हरची चौकट कोरी राहील, विकेट कुणाच्याच नावावर पडणार नाही, आणि मालिकावीर कोण हे तुम्हाला मग माइकवरून ठरवावं लागेल. भांडायचं असेल तर आत्ता भांडा. नवीन स्कोअरर शोधायलाही तुमच्याकडे अजून थोडे दिवस आहेत.

आपला,
एक स्कोअरर
टिळकवाडी, बेळगाव